सुक्या लाकडाला पाणी

लातूरहून निघालं की चाकूर, अहमदपूर, लोहा करत रस्ता नांदेडला पोचतो. नांदेडहून अर्धापूर, हदगाव, उमरखेड, महागाव आणि धनोड्याजवळ पैनगंगा ओलांडली की माहूर. तीनशे किलोमीटरच्या आतबाहेरचा हा प्रवास, पण त्याच्या दोन टोकांत मोठं अंतर आहे. सुरुवातीला राज्यातला सगळ्यात कमी जंगलाचा जिल्हा. लातूरचं वनक्षेत्र एक टक्क्याच्याही खाली आहे. काळीभोर, सपाट जमीन, सोयाबीन, तूर, ऊस आणि दूरवर नुसतं आभाळ. शेवटाला माहूर-किनवटचे डोंगर, साग-पळसाचं रान आणि त्या रानातून वर गेलेली तीन शिखरं. या वाटेवर सपाट मुलखातही मधूनमधून झाडांचे पुंजके दिसतात, आणि जवळ गेलं की बहुतेक ठिकाणी खाली एखादं ठाणं निघतं. मारुती, महादेव, एखादी समाधी, एखादा मठ, दत्ताच्या पादुका. प्रश्न असा आहे की देव आहे म्हणून झाड राहिलं, की झाड होतं म्हणून देव तिथे आला? बहुतेक जण पहिलं उत्तर देतात. मला दुसरं अधिक खरं वाटतं. या मुलखात झाड हीच मूळ वेदी आहे, दगड नंतर आले. आणि वेदी जिवंत असेल तर तिची पूजा एकच असू शकते, ती म्हणजे तिची निगा. ती निगा आपण सोडली, फुलं-नारळ तेवढे धरून ठेवले. या लेखात मला एवढंच मांडायचं आहे.

याला आधार म्हणून मी कुठल्या परक्या शास्त्राकडे जात नाही. मराठवाड्यातल्या घराघरांत ज्याची पारायणं होतात त्या गुरुचरित्राकडेच जातो. सरस्वती गंगाधरांच्या या ग्रंथाला माहूर परकं नाही, माहूरच्या गोपीनाथाच्या आजारी मुलाची आणि त्याच्या पतिव्रता बायकोची कथा त्यात आहेच. पण मला इथे चाळिसाव्या अध्यायातला नरहरी हवा आहे. हा कोडाने पिडलेला ब्राह्मण गाणगापुरी नृसिंहसरस्वतींकडे येतो. गुरू त्याला मंत्र देत नाहीत, व्रत सांगत नाहीत. जळणासाठी आणलेलं औदुंबराचं वाळकं लाकूड त्याच्या हाती देतात आणि संगमाजवळ नेऊन रोवायला, रोज तिन्ही वेळा पाणी घालायला सांगतात. लोक हसतात, वाळल्या लाकडाला कधी पालवी फुटते का म्हणतात. नरहरी पाणी घालत राहतो. पुढे गुरू कमंडलूतलं पाणी शिंपडतात, लाकडाला पालवी फुटते आणि त्याचं कोड जातं. या कथेकडे आपण चमत्कार म्हणून बघतो आणि पान उलटतो. पण चमत्कार एका क्षणाचा आहे, पाणी घालणं अनेक दिवसांचं आहे. श्रद्धेची कसोटी म्हणून गुरूंनी निवडलेलं काम पाहा: घागर उचलायची, चालत जायचं, मुळाशी ओतायची, उद्या पुन्हा यायचं. मराठी भक्तिसाहित्यात झाडाच्या निगेला साधनेचा दर्जा इतक्या उघडपणे दिलेली दुसरी जागा मला माहीत नाही.

या कथेचं वजन कळायला त्याच झाडाचा जुना इतिहास आठवावा लागतो. वैदिक सोमयागात मंडपाच्या मध्यभागी उंबराचा खांब रोवत, त्याला औदुंबरी म्हणत आणि त्याला हात लावून उद्गाते साम गात. म्हणजे उंबर तेव्हाही वेदीचा भाग होता, पण तोडलेला. संस्कृतात ‘उदुंबर’ या शब्दाचा अर्थ झाडही आहे आणि दाराची चौकटही. आपला उंबरठा तिथूनच आला. तोही तोडलेल्या लाकडाचाच. दत्तसंप्रदायाने ही दिशा उलटी केली. यज्ञाने जिवंत झाडाचं लाकूड केलं होतं, गुरुचरित्राने लाकडाचं पुन्हा झाड केलं. नरसोबाची वाडी असो, कृष्णाकाठचं औदुंबर असो, गाणगापूर असो, दत्ताची जागा सांगताना झाड आधी सांगितलं जातं. सांगली जिल्ह्यातल्या त्या गावाचं तर नावच झाडाचं आहे. संन्याशांच्या परंपरेने वेदी म्हणून जिवंत झाड निवडलं हा योगायोग नव्हे. संन्यासी घर सोडतो, अग्नी सोडतो, यज्ञ सोडतो. त्याच्याजवळ उरतात ते कमंडलूतलं पाणी आणि डोक्यावरची सावली. त्या दोन गोष्टींतून जी वेदी होऊ शकते ती झाडाचीच.

उंबर हे झाडही विचार करायला लावणारं आहे. एखादं पिकलेलं उंबर हातात घेऊन फोडावं. बाहेरून लालसर, मऊ, देठाला चिकट दूध. आत मात्र गर नसतो, बारीक फुलांची दाटी असते. ज्याला आपण फळ म्हणतो ती आतल्या बाजूला फुललेली फुलांची कुपी आहे. म्हणूनच वर्षानुवर्षं न भेटणाऱ्या माणसाला आपण ‘उंबराचं फूल’ म्हणतो. फूल असतं, दिसत नाही. चिलटाएवढी एक गांधीलमाशी टोकाच्या बारीक छिद्रातून आत शिरते. शिरताना तिचे पंख झडतात. ती परागसिंचन करते, अंडी घालते आणि आतच मरते. तिची पिल्लं पुढे पराग घेऊन दुसऱ्या उंबराकडे जातात. त्या माशीवाचून या झाडाला बी धरत नाही आणि या झाडावाचून त्या माशीचा वंश चालत नाही. खोडालाच घोसाने लगडणाऱ्या या फळांवर पक्षी, वटवाघळं, माकडं जगतात. नरसिंहाच्या नखांची आग उंबराच्या फळांनी शमली अशी कथा गुरुचरित्रातच आहे. थंडावा देणारं हे झाड पाण्याजवळ वाढतं, आणि वराहमिहिराने बृहत्संहितेत भूगर्भातलं पाणी ओळखायच्या खुणा सांगताना उंबराचा उल्लेख केला आहे. कोरड्या मुलखातल्या माणसाने जिथे पाणी तिथे उंबर, जिथे उंबर तिथे देव असा हिशोब मांडला असेल तर तो अडाणीपणा नव्हे, निरीक्षण आहे.

हाच हिशोब लातूर जिल्ह्यात एका शब्दात सापडतो. चाकूर तालुक्यात वडवळ नागनाथजवळ एक टेकडी आहे, औषधी वनस्पतींसाठी प्रसिद्ध. तिला लोक संजीवनी बेट म्हणतात. उदगीर तालुक्यात देवर्जनजवळ दुसरी टेकडी आहे, तिच्यात कोरलेल्या गुहा आहेत, गंगाराम महाराजांची समाधी आहे. तिचं नाव हत्तीबेट. आसपास ना समुद्र, ना मोठी नदी, मग बेट कशाचं? मराठीत बेट म्हणजे पाण्याने वेढलेली जमीन आणि बेट म्हणजे झाडांचा दाट पुंजका, जसं बांबूचं बेट. लातूरच्या पठारावर हे दोन्ही अर्थ एक होतात. चारी बाजूंनी नांगरलेलं शेत हाच समुद्र, आणि त्यात टिकलेलं हिरवं रान हे बेट. उत्तर इथिओपियात असंच चित्र आहे. तिथल्या ऑर्थोडॉक्स चर्चच्या आणि मठांच्या भोवती देशी जंगलाचे तुकडे उरले आहेत. विमानातून पाहिलं तर तपकिरी शेतांत हिरवे ठिपके दिसतात, आणि जवळजवळ प्रत्येक ठिपक्याच्या मध्यभागी एक चर्च असतं. तिथल्या लोकांनी गुरं आत शिरू नयेत म्हणून या रानांभोवती दगडी भिंती घातल्या. भाषा वेगळी, धर्म वेगळा, पण देवळाला झाडाचा अंगरखा हवा ही समजूत तीच. आपल्याकडे माधव गाडगीळ आणि वा. द. वर्तक यांनी सह्याद्रीतल्या देवरायांचा अभ्यास १९७०च्या दशकात सुरू केला, त्यामुळे देवराई म्हटलं की कोकण आणि मावळ डोळ्यांसमोर येतो. मराठवाड्यातली बेटं आकाराने लहान, संख्येने थोडी. म्हणूनच ती जास्त मोलाची आहेत.

इथे पहिला आक्षेप येतो आणि तो हलका नाही. लातूरमध्ये भक्ती कमी आहे का? पारायणं होतात, दिंड्या निघतात, गावोगाव सप्ते बसतात. तरीही जंगल एक टक्क्याच्या आत. मग पावित्र्याने झाड वाचतं हा दावा कुठे टिकतो? माझं उत्तर असं की पावित्र्य कमी झालेलं नाही, ते सरकलं आहे. झाडावरून ओट्यावर, ओट्यावरून मूर्तीवर, मूर्तीवरून सभामंडपावर. कुठल्याही गावातला पार पाहा. पूर्वीचा पार म्हणजे दगडांचा कोरडा बांध, मध्ये माती, पाणी आत मुरायला जागा. आता सिमेंटचा ओटा खोडाला घट्ट भिडलेला असतो, वर चकचकीत फरशी, भोवती लोखंडी कठडा, खोडाला खिळे आणि दिव्याच्या काजळीने काळी झालेली साल. मुळांना हवा लागते, पाणी लागतं. खोडाभोवती भर घालून वर फरशी बसवली की साल कुजते आणि मुळं गुदमरतात. दिल्लीतल्या झाडांभोवती एक मीटरपर्यंतचं काँक्रीट काढा असा आदेश राष्ट्रीय हरित लवादाने २०१३ मध्ये दिला होता. महाराष्ट्रात २०२१च्या दुरुस्तीने शहरांतल्या पन्नास वर्षांवरच्या झाडांना वारसा वृक्षाचा दर्जा मिळाला. कायदा करवतीपासून वाचवील. पण देणगीदाराच्या नावाची पाटी लावून गळ्यापर्यंत आवळलेला ओटा त्याला कुठे दिसतो? तो भक्तांनाच दिसायला हवा. म्हणजे लातूरची उजाड जमीन माझ्या म्हणण्याला खोटं पाडत नाही. वेदी कोणती हे विसरल्यावर काय होतं, ते ती दाखवते.

वेदी कोणती, हे लातूर जिल्ह्याला एकदा फार कठोरपणे कळलं. ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटे किल्लारीचा भूकंप झाला. माती-दगडाची जड घरं झोपलेल्या माणसांवर कोसळली आणि हजारो माणसं गेली. पुढे लातूर आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यातली बावन्न गावं नव्या जागी हलवून वसवली गेली. सरळ रस्ते, चौकोनी प्लॉट, सारखी घरं. अशा वेळी माणूस काय उचलून नेऊ शकतो? भांडीकुंडी, देव्हारा, ग्रामदेवतेची मूर्ती, अगदी देवळाचा कळससुद्धा. गावातला वड मात्र नेता येत नाही. जुन्या गावठाणावरची झाडं मागेच राहिली आणि नव्या गावांना पहिली सावली पेरण्यापासून सुरुवात करावी लागली. आज त्या गावांतलं सर्वांत जुनं लावलेलं झाड तिशीच्या घरात असेल. मूर्तीची प्राणप्रतिष्ठा एका मुहूर्तावर होते. झाडाची प्रतिष्ठा व्हायला एक पिढी लागते. दोन्हींत पवित्र काय यावर वाद घालता येईल, पण दुर्मीळ काय यावर वाद नाही.

अहमदपूरला पोचल्यावर आक्षेप वेगळ्या बाजूने येतो. हा भाग वीरशैव-लिंगायत मठांचा आहे. इथे वेदी झाडाखालीही नाही आणि देवळातही नाही. ती गळ्यात आहे. इष्टलिंग तळहातावर घ्यायचं, तिथेच पूजा करायची. जागेचं बंधन तोडणारा हा मोठा विचार आहे, आणि त्याच्यापुढे झाडाच्या पावित्र्याची गोष्ट मागासलेली वाटू शकते. पण तळहातावरच्या त्या लिंगावर काय वाहतात? बेलाचं पान. तीन दळांचं, ताजं, न किडलेलं. देव खिशात मावला तरी पानासाठी झाडाकडे जावंच लागतं. श्रावणातल्या सोमवारी गावातल्या बेलाची अवस्था पाहिली तर हा मुद्दा कळतो. फांद्याच्या फांद्या ओरबाडलेल्या, शेंडे मोडलेले. ज्या पंथाने देहालाच देऊळ मानलं, त्याला आपल्या पूजेचा पुरवठा करणारं झाड हा देवळाचाच भाग आहे हे मान्य करायला अडचण नसावी. प्रत्येक मठाच्या आवारात जेवढी पानं वाहिली जातात तेवढी देणारे बेल असावेत, एवढा साधा नेम केला तरी पुरे.

नांदेडला तर आक्षेप सर्वांत स्वच्छ शब्दांत मांडला जातो. १७०८ मध्ये गुरू गोविंदसिंग गोदावरीकाठी आले, इथेच माधोदास बैराग्याचा डेरा होता, आणि तो बैरागी पुढे बंदासिंग बहादूर झाला. त्याच वर्षी, याच गावी, गुरूंनी देहधारी गुरूंची परंपरा थांबवली आणि गुरुपद ग्रंथसाहिबाला दिलं. म्हणजे शीख परंपरेची वेदी शब्दाची आहे. झाडाची, दगडाची, समाधीची पूजा त्या परंपरेला मान्य नाही. मग तिला या लेखात कशाला ओढायचं? एवढ्यासाठी, की झाडाची पूजा नाकारणाऱ्या याच परंपरेने झाडं जपली आहेत. अमृतसरच्या सरोवराकाठची दुखभंजनी बेरी आजही उभी आहे, आणि झाडांच्या नावाने ओळखले जाणारे गुरुद्वारे पंजाबात कितीतरी आहेत. तिथे झाड देव नाही, साक्षीदार आहे. गुरू इथे बसले होते, हे सांगणारा जिवंत साक्षीदार. हा भेद मला फार मोलाचा वाटतो, कारण मी झाडाला देव माना असं कुणाला सांगत नाही. देव माना, साक्षीदार माना, पूर्वज माना, नुसती सावली माना. निगा सगळ्यांनाच तेवढीच लागू आहे.

याहून टोचणारा आक्षेप गावच्या पाराचाच आहे. पार ही सगळ्यांची जागा कधी होती? वडा-पिंपळाखाली कोण बसायचं आणि कोणी लांब उभं राहायचं, हे मराठवाड्याला सांगायची गरज नाही. ज्या सावलीत काही माणसांना जागा नव्हती तिला पवित्र कसं म्हणायचं? हा प्रश्न टाळून झाडाचा गौरव करणारा लेख अप्रामाणिक ठरेल. याचं उत्तर मला याच महामार्गाच्या पुढच्या टोकाला दिसतं. हा रस्ता नागपूरला जातो. तिथे १४ ऑक्टोबर १९५६ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी लाखो लोकांसह बौद्ध धम्म स्वीकारला, आणि त्या दीक्षाभूमीवर आज जो बोधिवृक्ष आहे तो श्रीलंकेतल्या अनुराधपूरच्या बोधिवृक्षाचा अंश आहे. अनुराधपूरचा वृक्ष बुद्धगयेच्या मूळ वृक्षाच्या फांदीतून वाढला. तोच पिंपळ, जो गावच्या पारावर अडवणारा झाला होता, इथे मोकळा करणारा झाला. दोष झाडात नव्हता, ओट्यावर कोणी बसायचं हे ठरवणाऱ्यांत होता. जिवंत वेदीचं एक वैशिष्ट्यही इथे दिसतं. मूर्तीची नक्कल करता येते. झाडाची फांदी रोवली तर ती नक्कल नसते, त्याच देहाचा पुढचा भाग असते. गुरू-शिष्य परंपरेला याहून चांगली उपमा मला सुचत नाही.

नांदेड सोडून माहूरकडे निघालं की जमीन हळूहळू चढते आणि रान दाट होतं. माहूर म्हणजे मातापूर, साडेतीन शक्तिपीठांतलं एक पूर्ण पीठ. रेणुकेचं शिखर, दत्तशिखर आणि अत्री-अनसूयेचं शिखर. दत्तात्रेयाचं हे शयनस्थान मानतात. दिवसभर कुठेही संचार असो, रात्री विसावा माहूरला. रेणुकेच्या दारात प्रसाद म्हणून मिळतो तो तांबूल, विड्याची पानं कात-सुपारी-बडीशेपेसह कुटून केलेला. शाळिग्राम नको, सोनं नको, हिरवं पान कुटून देवीला द्यायचं आणि तेच घरी न्यायचं. दत्तशिखराची व्यवस्था दशनामी महंतांच्या परंपरेकडे आहे. दशनामी म्हणजे संन्याशांची दहा नावं: गिरी, पुरी, भारती, सरस्वती, तीर्थ, आश्रम, पर्वत, सागर, वन आणि अरण्य. घर सोडताना संन्यासी जुनं नाव टाकतो आणि नवं घेतो. त्या दहा नावांतली दोन थेट जंगलाची आहेत. माहूरलाच महानुभावांचं देवदेवेश्वर मंदिर आहे. हा पंथ देवतापूजा मानत नाही, वृक्षपूजा तर नाहीच. तरी चक्रधरांनी आपल्या भिक्षूंना सांगितलेला आचार असा की देशाच्या शेवटाला, झाडाच्या तळाशी आयुष्य घालवावं. बुद्धानेही भिक्खूंच्या चार मूळ आधारांत झाडाचं बूड हाच निवारा सांगितला होता. वैदिक संन्यासी, महानुभाव भिक्षू, बौद्ध भिक्खू, तिघांची तत्त्वज्ञानं एकमेकांशी भांडतात, आणि तिघेही झाडाखाली येऊन बसतात. माझ्या मते हा या सगळ्या प्रवासातला सर्वांत भक्कम पुरावा आहे.

आता व्यवहारी माणसाचा आक्षेप. झाडं हवीत ना, मग लावा. त्यासाठी देवाधर्माची काय गरज? शासनाने २०१७ ते २०१९ या काळात पन्नास कोटी वृक्षलागवडीचा संकल्प केला, एकट्या २०१९चं लक्ष्य तेहेतीस कोटींचं होतं. आकडा मोठा आहे आणि त्यामागची तळमळ खोटी नव्हती. पण लागवड हा एका दिवसाचा कार्यक्रम असतो, जगवणं हे रोजचं काम असतं. खड्डे मोजता येतात, म्हणून आपण खड्डे मोजतो. नरहरीने खड्डा एकच केला होता, पाणी मात्र रोज तिन्ही वेळा घातलं. रोज न चुकता तेच काम करणं, ते फुकट करणं, आणि न झालं तर रुखरुख वाटणं, हे माणसाकडून कोण करून घेतं? मला तरी धर्माइतकी समर्थ दुसरी व्यवस्था दिसत नाही. थायलंडमधल्या बौद्ध भिक्षूंनी १९८०च्या दशकाच्या अखेरीपासून हे ओळखलं. जंगलतोड थांबवायला त्यांनी मोठ्या झाडांना भगवी वस्त्रं गुंडाळून त्यांना दीक्षा द्यायला सुरुवात केली. दीक्षित झाडावर कुऱ्हाड चालवायला हात धजत नाही. धर्माने झाड फक्त वडा-पिंपळा-उंबरापुरतं जपलं आणि बाकीचं जळणात गेलं, हेही खरं आहे. पण त्यावर उपाय पावित्र्य काढून टाकणं हा नव्हे. कडुनिंब, पळस, मोह, बेहडा यांना त्या यादीत घेणं हा आहे.

शेवटचा आक्षेप सर्वांत कोरडा आहे: पाणी कुठलं? एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेने पाणी आलं. पहिल्या जलदूत गाडीला दहा वॅगन होत्या, पाच लाख लिटर पाणी. ज्या शहरात माणसांना घागर मिळत नव्हती तिथे झाडाला पाणी घाला म्हणणं क्रूर वाटेल. पण झाडाला ओंजळभर पाणी जपून देण्याची रीत आपल्याकडे आधीपासून आहे, फक्त ती दगडाला लावलेली आहे. उन्हाळ्यात महादेवाच्या पिंडीवर गळती लावतात. मडक्याच्या बुडाला बारीक भोक, त्यातून थेंब थेंब पाणी. आजचा शेतकरी ज्याला ठिबक म्हणतो ती हीच. वैशाखात पिंपळाला पाणी घालण्याची चालही जुनीच. अभिषेकाचं, आचमनाचं, हातपाय धुण्याचं पाणी मोरीत न सोडता पन्हाळीने झाडाच्या आळ्यात वळवलं, आणि कोवळ्या रोपाशेजारी एक मडकं पुरून ठेवलं, तर दुष्काळातही ते तगतं. वाढलेल्या उंबराला किंवा वडाला पाणी द्यावंही लागत नाही. त्याला फक्त पाऊस मुळापर्यंत जाऊ द्यावा लागतो, आणि त्यासाठी खर्च करण्याऐवजी फरशी काढावी लागते.

म्हणून माझं सांगणं मोठं नाही. आपल्या गावच्या पाराजवळ, मठाच्या आवारात, दत्ताच्या पादुकांशेजारी जे झाड आहे त्याचं खोड पाहा. सिमेंट त्याला भिडलं असेल तर पुढच्या जीर्णोद्धाराच्या वर्गणीतून आधी ते काढा, हातभर मोकळी माती ठेवा, आळं करा. खोडातले खिळे काढा, दिवा दोन हात लांब ठेवा. झाड नसेल तर एक लावा, आणि त्याला पाणी घालण्याची पाळी घराघराला लावून द्या. त्या पाळीत कुठलंही घर वगळू नका. येत्या चैत्रात गळती बांधाल तेव्हा एक मडकं पिंडीवर बांधा आणि दुसरं मुळाशी ठेवा. पारायणात चाळिसावा अध्याय येईल त्या दिवशी पोथी मिटून सगळ्यांनी एक एक तांब्या घेऊन झाडापाशी जावं.